हॅरी पॉटर मालिकेतील काळ आणि भविष्यवाणी

काळ आणि भविष्यवाणी या ब्रिटिश लेखिका जे. के. रोलिंग यांच्या 'हॅरी पॉटर' या कादंबरीमालिकेतील जादुई विश्वाच्या दोन परस्परसंबंधित संकल्पना आहेत. या विश्वात काही जादूगारांना विशिष्ट साधनाच्या साहाय्याने भूतकाळात जाता येते आणि काही मोजक्या व्यक्तींच्या मुखातून भविष्यातील घटनांविषयीची वचने प्रकट होतात. मालिकेच्या सात कादंबऱ्यांत या संकल्पनांचे नियम एकत्रितपणे कोठेही मांडलेले नाहीत. ते पात्रांचे संवाद, कथानकातील प्रसंग आणि लेखिकेचे नंतरचे लेखन यांतून स्पष्ट होत जातात.

मूळ कादंबऱ्यांतील चित्रणानुसार भूतकाळात जाणारी व्यक्ती घडून गेलेली घटना पुसत नाही. ती त्या घटनेचा आधीपासूनच भाग असते. याउलट भविष्यवाणी उच्चारली गेली म्हणून ती खरी ठरतेच असे नाही. तिच्यावर विश्वास ठेवून कोणी कृती केली, तरच तिला बळ मिळते. माणसाच्या आयुष्याची दिशा नियती ठरवते की त्याची स्वतःची निवड, हा मालिकेतील मध्यवर्ती प्रश्न या दोन संकल्पनांच्या आधारे हाताळला गेला आहे.

पार्श्वभूमी

हॅरी पॉटर मालिकेतील पहिली कादंबरी २६ जून १९९७ रोजी आणि सातवी व अखेरची कादंबरी २१ जुलै २००७ रोजी प्रकाशित झाली. काळप्रवासाचा विषय प्रामुख्याने 'हॅरी पॉटर अँड द प्रिझनर ऑफ अझकाबान' (१९९९) या तिसऱ्या कादंबरीत येतो. भविष्यकथनाचा वर्गही याच कादंबरीत प्रथम दिसतो. हॅरी आणि त्याचा शत्रू लॉर्ड व्होल्डेमॉर्ट यांना जोडणारी भविष्यवाणी 'हॅरी पॉटर अँड द ऑर्डर ऑफ द फिनिक्स' (२००३) या पाचव्या कादंबरीच्या शेवटी उघड होते, तर तिचा अर्थ 'हॅरी पॉटर अँड द हाफ-ब्लड प्रिन्स' (२००५) या सहाव्या कादंबरीत विशद केला जातो.

काळ

टाइम-टर्नर

भूतकाळात जाण्याच्या साधनाला मालिकेत 'टाइम-टर्नर' असे म्हणतात. ते लांब, नाजूक सोनसाखळीत अडकवलेले छोटेसे वाळूचे घड्याळ असते. साखळी गळ्यात घालून घड्याळ जितक्या वेळा फिरवावे, तितके तास ती व्यक्ती मागे जाते. साखळी एकाहून अधिक व्यक्तींच्या गळ्यात घातल्यास त्या सर्व एकत्र मागे जातात. टाइम-टर्नरच्या वापरावर जादू मंत्रालयाचे कडक नियंत्रण असते.

तिसऱ्या वर्षी हर्मायनी ग्रेंजर उपलब्ध असलेले सर्व ऐच्छिक विषय निवडते. त्यांतील काही तासिका एकाच वेळी असल्यामुळे प्राध्यापक मिनर्व्हा मॅकगॉनॅगल मंत्रालयाशी पत्रव्यवहार करून तिच्यासाठी टाइम-टर्नर मिळवतात. अभ्यासाखेरीज अन्य कारणासाठी त्याचा वापर करणार नाही, असे वचन तिला द्यावे लागते. वर्षभर तिचे एकाएकी दिसेनासे होणे, थकवा आणि चिडचिड यांचा उलगडा कादंबरीच्या शेवटी होतो. वर्ष संपल्यावर ती टाइम-टर्नर परत करते.

तीन तासांचा प्रसंग

शालेय वर्षाच्या अखेरीस दोन निरपराध जीवांचे प्राण धोक्यात येतात. हॅग्रिडने पाळलेल्या बकबीक या हिप्पोग्रिफला मृत्युदंड फर्मावला जातो, तर सिरियस ब्लॅकला डिमेंटर या भयावह रक्षकांच्या स्वाधीन करण्याचा निर्णय होतो. मध्यरात्रीच्या सुमारास मुख्याध्यापक अल्बस डंबलडोर हर्मायनीला टाइम-टर्नर तीन वेळा फिरवण्याचे सुचवतात आणि कोणाच्याही दृष्टीस न पडण्याची ताकीद देतात. हॅरी आणि हर्मायनी तीन तास मागे जाऊन बकबीकची सुटका करतात आणि त्याच्याच पाठीवर बसून बुरुजातील खोलीत कोंडलेल्या सिरियसला मुक्त करतात.

या प्रसंगाची रचना वैशिष्ट्यपूर्ण आहे. काळप्रवासाआधी हॅरी, रॉन आणि हर्मायनी हॅग्रिडच्या झोपडीपासून दूर जात असताना त्यांना कुऱ्हाडीचा घाव आणि पाठोपाठ हॅग्रिडचा आक्रोश ऐकू येतो. बकबीक मारला गेला, असा त्यांचा समज होतो. त्याच तीन तासांतून दुसऱ्यांदा जाताना हॅरी आणि हर्मायनीला खरा प्रकार कळतो: सावज निसटल्यामुळे संतापलेल्या मारेकऱ्याने कुऱ्हाड कुंपणावर हाणलेली असते आणि हॅग्रिड आनंदाने रडत असतो. दोन्ही वेळा घटना एकच असते; बदलते ते केवळ पात्रांना असलेले तिचे ज्ञान. त्याचप्रमाणे निघण्यापूर्वी तिघांना प्रवेशदालनात ऐकू आलेली पावले आणि दार लोटल्याचा आवाज हे हॅरी व हर्मायनीच्याच दुसऱ्या फेरीतील असतात.

बंद वर्तुळ

या संकल्पनेचे सर्वांत ठळक उदाहरण तलावाकाठच्या प्रसंगात आढळते. डिमेंटरांच्या हल्ल्यात हॅरी आणि सिरियस मरणाच्या दारात असताना पलीकडच्या काठावरून कोणीतरी शक्तिशाली पॅट्रोनस मंत्र टाकून त्यांना वाचवते. दुरून दिसलेली ती आकृती आपल्या दिवंगत वडिलांची होती, अशी हॅरीची समजूत होते. मागे आल्यावर तो त्याच काठावर वडिलांची वाट पाहत थांबतो. कोणीच येत नाही. तेव्हा आपण पाहिलेली व्यक्ती म्हणजे आपण स्वतःच होतो, हे त्याच्या ध्यानात येते आणि तो मंत्र उच्चारतो. एरवी त्याला न साधणारा हा अवघड मंत्र त्या वेळी साधतो, कारण आपण तो यशस्वीपणे टाकलेला आहे हे त्याला आधीच ठाऊक असते.

येथे कारण आणि परिणाम एकमेकांत गुंतलेले आहेत. हॅरी वाचला म्हणून तो मागे जाऊ शकला आणि तो मागे गेला म्हणूनच वाचला. अशा रचनेला तत्त्वज्ञानात व विज्ञानकथांच्या अभ्यासात 'कार्यकारणाचे बंद वर्तुळ' म्हटले जाते. मात्र भूतकाळ निश्चित असला, तरी हॅरीच्या कृतीला अर्थ उरत नाही असे होत नाही. वडिलांच्या येण्याची आशा सोडून स्वतः पुढे होणे हेच त्या वर्तुळाला पूर्ण करते.

नियम आणि धोके

काळप्रवासाचा पहिला नियम म्हणजे प्रवाशाने स्वतःच्या किंवा इतरांच्या नजरेस पडू नये. आपलेच दुसरे रूप अचानक समोर आल्यास माणूस गोंधळून किंवा भीतीपोटी त्याच्यावर हल्ला करील, असे हर्मायनी सांगते. काही जादूगारांनी चुकून आपल्याच भूतकाळातील वा भविष्यातील रूपाचा वध केल्याचे प्राध्यापक मॅकगॉनॅगल यांनी सांगितले असल्याचा उल्लेखही ती करते. याच सावधगिरीमुळे ती बकबीकला लगेच सोडवू देत नाही. अधिकाऱ्यांनी त्याला बांधलेले पाहण्यापूर्वी तो नाहीसा झाला, तर हॅग्रिडनेच त्याला पळवले असा ठपका येईल, असे तिचे म्हणणे असते.

कादंबऱ्यांनंतर 'पॉटरमोर' या संकेतस्थळासाठी केलेल्या लेखनात रोलिंग यांनी आणखी काही तपशील दिले. त्यानुसार प्रवाशाला किंवा काळाला गंभीर इजा न होता साधारण पाच तासांपर्यंतच मागे जाता येते. १८९९ मध्ये एलोइस मिंटंबल ही जादूगार स्त्री प्रयोगादरम्यान १४०२ या वर्षात पाच दिवस अडकून पडली. परत आणल्यावर तिच्या शरीराचे वय पाच शतकांनी वाढले आणि तिचा मृत्यू झाला. तिच्या तेथील वावरामुळे वर्तमानातील किमान २५ व्यक्ती कधी जन्मल्याच नाहीत असे झाले. तिच्या परतीनंतरचा मंगळवार अडीच दिवस चालला आणि गुरुवार चार तासांत संपला, असेही या लेखनात नमूद आहे.

टाइम-टर्नरांचा नाश

जादू मंत्रालयातील 'डिपार्टमेंट ऑफ मिस्टरीज' या गूढ विभागात मृत्यू, विचार, काळ अशा विषयांचा अभ्यास चालतो. तेथील काळाशी संबंधित कक्षात एक स्फटिकाची घंटाकार बरणी असते. तिच्या आत एक पक्षी अंड्यातून बाहेर येतो, वाढतो आणि पुन्हा अंड्यात परततो. हे चक्र अखंड चालू असते. पाचव्या कादंबरीतील चकमकीत व्होल्डेमॉर्टच्या एका अनुयायाचे डोके या बरणीत शिरते आणि ते तान्ह्या बाळाचे होते. याच चकमकीत टाइम-टर्नर ठेवलेले कपाट कोसळते. ते फुटून पुन्हा सांधले जाते आणि पुन्हा कोसळते. ही क्रिया थांबत नाही. मंत्रालयातील टाइम-टर्नरांचा साठा नष्ट झाल्याचे सहाव्या कादंबरीत हर्मायनीच्या बोलण्यातून समजते.

भविष्यवाणी

भविष्यकथन हा विषय

हॉगवॉर्ट्स शाळेत भविष्यकथन हा ऐच्छिक विषय आहे. चहाच्या कपातील चोथा, हस्तरेषा, स्फटिकगोल, ग्रहस्थिती आणि स्वप्ने यांवरून भविष्य वर्तवण्याचे शिक्षण त्यात दिले जाते. हा जादूच्या सर्वांत बेभरवशाच्या शाखांपैकी एक असून खरे द्रष्टे अत्यंत दुर्मीळ असतात, असे प्राध्यापक मॅकगॉनॅगल यांचे मत आहे. हर्मायनी तर चालू वर्गातून उठून जाते आणि हा विषयच सोडून देते.

या विषयाच्या शिक्षिका सिबिल ट्रेलॉनी या कॅसांड्रा ट्रेलॉनी या प्रसिद्ध द्रष्टीच्या वंशातील आहेत. दरवर्षी एखाद्या विद्यार्थ्याच्या मृत्यूचे भाकीत करण्याची त्यांची सवय असते आणि ही भाकिते खोटी ठरतात. पाचव्या कादंबरीत त्यांना पदावरून दूर केल्यावर फिरेन्झी या सेंटॉरची, म्हणजे अश्वमानवाची, नेमणूक होते. सेंटॉर व्यक्तींच्या किरकोळ सुखदुःखांचे भविष्य पाहत नाहीत. ते आकाशाचे निरीक्षण करून मोठ्या उलथापालथींची चिन्हे शोधतात. दिसलेल्या चिन्हाची खात्री पटण्यास दहा वर्षेही लागू शकतात आणि सेंटॉरांचेही वाचन चुकू शकते, असे फिरेन्झी शिकवतो.

खऱ्या भविष्यवाणीचे स्वरूप

वर्गात केलेले भाकीत आणि खरी भविष्यवाणी यांत मालिकेत स्पष्ट भेद केलेला आहे. खरी भविष्यवाणी द्रष्ट्याच्या इच्छेने प्रकट होत नाही. ट्रेलॉनी यांचे शरीर ताठरते, आवाज घोगरा होतो आणि भानावर आल्यावर आपण काय बोललो याची त्यांना आठवण राहत नाही. त्यामुळे ती टिकून राहते ती ऐकणाऱ्याच्या स्मृतीत. स्वतःला महान द्रष्टी समजणाऱ्या ट्रेलॉनी यांना आपल्या खऱ्या भविष्यवाण्यांची जाणीवच नसते, हा त्यांच्या व्यक्तिरेखेतील मोठा विरोधाभास आहे.

भविष्यवाण्यांचे दालन

मंत्रालयाच्या गूढ विभागात भविष्यवाण्यांच्या नोंदी काचेच्या लहान गोलांत जतन केल्या जातात. हे गोल चर्चसारख्या उंच दालनात असंख्य फळ्यांवर मांडलेले असतात. प्रत्येकावर भविष्यवाणी उच्चारणारा, ती ऐकणारा आणि ती ज्याच्याविषयी आहे ती व्यक्ती यांची नोंद असते. भविष्यवाणी ज्याच्याविषयी आहे, तीच व्यक्ती गोल फळीवरून उचलू शकते. इतर कोणी प्रयत्न केल्यास त्याला वेड लागते. व्होल्डेमॉर्टच्या अनुयायांनी मंत्राच्या प्रभावाखाली या कामाला लावलेला बोड हा मंत्रालयाचा कर्मचारी याच कारणाने रुग्णालयात पोहोचतो. हॅरीशी संबंधित गोल ९७ क्रमांकाच्या रांगेत असतो.

पहिली भविष्यवाणी

हॅरीच्या जन्मापूर्वी एका पावसाळी रात्री हॉग्जमीड गावातील 'हॉग्ज हेड' या खानावळीत डंबलडोर शिक्षिकेच्या पदासाठी ट्रेलॉनी यांची मुलाखत घेत असतात. मुलाखतीच्या अखेरीस त्या अचानक भविष्यवाणी उच्चारतात. तिचा आशय असा: व्होल्डेमॉर्टचा पराभव करण्याचे सामर्थ्य असलेले मूल जुलै महिन्याच्या शेवटी जन्मेल, त्याच्या आईवडिलांनी व्होल्डेमॉर्टला तीनदा तोंड दिलेले असेल, व्होल्डेमॉर्ट स्वतःच त्या मुलावर आपल्या बरोबरीचा म्हणून खूण उमटवील, त्या मुलाकडे व्होल्डेमॉर्टला अज्ञात असलेली शक्ती असेल, आणि अखेर त्या दोघांपैकी एकाचा अंत दुसऱ्याच्या हातून होईल.

त्या वेळी व्होल्डेमॉर्टचा अनुयायी असलेला सेव्हेरस स्नेप दाराआडून भविष्यवाणीचा केवळ पहिला भाग ऐकतो आणि पकडला गेल्यामुळे पुढचा भाग त्याच्या कानी पडत नाही. मुलावर हल्ला केल्यास त्यालाच सामर्थ्य मिळेल, हा इशारा त्यामुळे व्होल्डेमॉर्टपर्यंत पोहोचत नाही.

भविष्यवाणीत मुलाचे नाव नसते. ३० जुलै रोजी जन्मलेला नेव्हिल लाँगबॉटम आणि ३१ जुलै १९८० रोजी जन्मलेला हॅरी पॉटर या दोघांनाही तिची वर्णने लागू पडतात. त्यांतून व्होल्डेमॉर्ट हॅरीची निवड करतो. शुद्ध जादूगार कुळातील नेव्हिलऐवजी आपल्यासारख्याच संमिश्र कुळातील मूल त्याला अधिक धोकादायक वाटते, असे डंबलडोर यांचे अनुमान आहे. ३१ ऑक्टोबर १९८१ रोजी केलेल्या हल्ल्यात हॅरीचे आईवडील मारले जातात. आईच्या बलिदानामुळे हॅरी वाचतो, व्होल्डेमॉर्टचा मंत्र त्याच्यावरच उलटतो आणि हॅरीच्या कपाळावर व्रण उमटतो. भविष्यवाणीतील खूण अशा रीतीने ती टाळू पाहणाऱ्याच्याच हातून उमटते. गोलावरील नोंदीत हॅरीचे नावही या हल्ल्यानंतरच लिहिले जाते.

पाचव्या कादंबरीत उरलेला भाग मिळवण्यासाठी व्होल्डेमॉर्ट हॅरीला खोटे दृश्य दाखवून मंत्रालयात आणवतो. चकमकीत गोल फुटतो आणि गोंधळात त्यातील शब्द कोणालाच ऐकू येत नाहीत. सिरियसचा मात्र या चकमकीत मृत्यू होतो. त्यानंतर डंबलडोर आपली स्मृती पेन्सिव्ह या पात्रातून दाखवून हॅरीला पूर्ण भविष्यवाणी ऐकवतात.

दुसरी भविष्यवाणी

ट्रेलॉनी यांची दुसरी खरी भविष्यवाणी तिसऱ्या कादंबरीत परीक्षेच्या वेळी हॅरीसमोर प्रकट होते. बारा वर्षे बंधनात असलेला व्होल्डेमॉर्टचा सेवक त्याच रात्री मोकळा होऊन आपल्या धन्याकडे जाईल आणि त्याच्या साहाय्याने व्होल्डेमॉर्ट पुन्हा उभा राहील, असा तिचा आशय असतो. तुरुंगात बारा वर्षे काढलेल्या सिरियसला हे वर्णन लागू पडते असे प्रथमदर्शनी वाटते. परंतु तो सेवक म्हणजे बारा वर्षे उंदराच्या रूपात लपून राहिलेला पीटर पेटिग्रू असतो.

ही भविष्यवाणी खरी ठरण्यात हॅरीच्या दयेचाही वाटा आहे. आईवडिलांचा विश्वासघात करणाऱ्या पेटिग्रूला सिरियस आणि ल्युपिन ठार करू पाहतात, तेव्हा हॅरी त्यांना अडवतो आणि पेटिग्रू निसटतो. पश्चात्ताप करणाऱ्या हॅरीला डंबलडोर समजावतात, की आपल्या कृतींचे परिणाम इतके गुंतागुंतीचे असतात की भविष्य सांगणे हे मुळातच अवघड काम आहे. अखेरच्या कादंबरीत हॅरीचा गळा दाबताना पेटिग्रूचा हात त्या उपकाराच्या आठवणीने क्षणभर सैल पडतो आणि हॅरीचे प्राण वाचतात.

डंबलडोर यांचे विवेचन

सहाव्या कादंबरीत डंबलडोर आणि हॅरी यांच्यातील संवादात भविष्यवाणीविषयीची मालिकेची भूमिका सर्वांत स्पष्टपणे येते. हॅरीच्या मते भविष्यवाणीमुळे त्याला व्होल्डेमॉर्टशी लढणे भाग आहे. डंबलडोर हे मान्य करीत नाहीत. दालनातील सर्वच भविष्यवाण्या खऱ्या ठरलेल्या नाहीत, असे ते निदर्शनास आणतात. व्होल्डेमॉर्टने या भविष्यवाणीकडे दुर्लक्ष केले असते, तर तिला काहीच महत्त्व उरले नसते. त्याने हल्ला करून स्वतःचा शत्रू घडवला आणि त्याला सूडाचे कारणही दिले. हॅरीने ती भविष्यवाणी कधी ऐकलीच नसती, तरी आईवडिलांच्या मारेकऱ्याला रोखण्याची इच्छा त्याच्या मनात असतीच. तेव्हा बळजबरीने रणांगणात ओढले जाणे आणि स्वेच्छेने तेथे जाणे यांतील फरक हॅरीला उमगतो. बाह्यतः परिणाम एकच असला, तरी या फरकाला मालिकेत निर्णायक महत्त्व दिलेले आहे. सातव्या कादंबरीत हॅरी स्वतःहून मृत्यूला सामोरा जातो, त्यामागे हीच जाणीव आहे.

दोन्ही संकल्पनांतील संबंध

टाइम-टर्नर भूतकाळाविषयी आणि भविष्यवाणी भविष्याविषयी असली, तरी दोहोंची मांडणी समांतर आहे. दोन्ही ठिकाणी पात्रांना अपुरे ज्ञान मिळते आणि त्याचा चुकीचा अर्थ लावला जातो. कुऱ्हाडीचा आवाज म्हणजे बकबीकचा मृत्यू आणि बारा वर्षे बंधनात असलेला सेवक म्हणजे सिरियस, हे एकाच प्रकारचे गैरसमज आहेत. दोन्ही ठिकाणी पुढील घटना पात्रांच्या कृतीतूनच घडते.

भेद आहे तो ज्ञानाला दिलेल्या प्रतिसादात. तलावाकाठी हॅरीला मिळालेले ज्ञान त्याला आत्मविश्वास देते आणि तो इतरांना वाचवतो. व्होल्डेमॉर्टला मिळालेले ज्ञान त्याच्या मनात भीती निर्माण करते. एका अर्भकाला मारण्याच्या प्रयत्नात तो स्वतःच्या अंताची सुरुवात करतो.

विसंगती आणि टीका

काळप्रवासामुळे कथानकात निर्माण होणाऱ्या अडचणींची वाचकांत बरीच चर्चा झाली आहे. टाइम-टर्नर उपलब्ध असताना हॅरीच्या आईवडिलांचा किंवा सेड्रिक डिगरीचा मृत्यू का टाळता आला नाही, हा नेहमी विचारला जाणारा प्रश्न आहे. तिसऱ्या कादंबरीतील बंद वर्तुळाचा नियम ग्राह्य धरल्यास त्याचे उत्तर सोपे आहे: घडलेली गोष्ट बदलत नाही. वाचले ते सिरियस आणि बकबीक, कारण त्यांचा मृत्यू मुळात झालेलाच नव्हता. एलोइस मिंटंबलच्या कथेत मात्र काही व्यक्तींचा जन्मच पुसला जातो, म्हणजे भूतकाळ बदलू शकतो. हे तिसऱ्या कादंबरीतील चित्रणाशी जुळत नाही. पूर्वरूपाच्या वधाविषयीचा हर्मायनीचा इशाराही बंद वर्तुळाच्या नियमात बसवणे कठीण आहे.

आपण काळप्रवासाचा विषय फारच सहजपणे कथेत आणला आणि पुढे त्यातून अडचणी उद्भवल्या, अशी कबुली रोलिंग यांनी दिली आहे. त्यामुळेच पाचव्या कादंबरीत टाइम-टर्नर नष्ट करण्यात आले.

हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड

रोलिंग, जॉन टिफनी आणि जॅक थॉर्न यांच्या कथेवर आधारित आणि थॉर्न यांनी लिहिलेले 'हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड' हे नाटक जुलै २०१६ मध्ये लंडनच्या पॅलेस थिएटरमध्ये रंगमंचावर आले. त्यात हॅरीचा मुलगा अल्बस आणि त्याचा मित्र स्कॉर्पियस मॅल्फॉय सेड्रिकला वाचवण्यासाठी भूतकाळात जातात. त्यांच्याकडील टाइम-टर्नर त्यांना अनेक वर्षे मागे नेतो. परंतु तेथे केवळ पाच मिनिटे राहता येते. त्यांच्या प्रत्येक हस्तक्षेपानंतर वर्तमान बदलते. एका बदलात रॉन आणि हर्मायनीचा विवाहच झालेला नसतो, तर दुसऱ्यात व्होल्डेमॉर्ट विजयी ठरलेला असतो आणि अल्बस जन्मलेलाच नसतो. ही मांडणी मूळ कादंबरीतील बंद वर्तुळाहून भिन्न आहे.

नाटकाच्या उत्तरार्धात व्होल्डेमॉर्टची मुलगी डेल्फी १९८१ मध्ये जाऊन हॅरीवरील हल्ला होण्यापूर्वीच वडिलांना रोखू पाहते. हल्ला झाला नाही, तर पहिल्या भविष्यवाणीचा परिणामही घडणार नाही, असा तिचा डाव असतो. दुसऱ्या एका भविष्यवाणीत व्होल्डेमॉर्टच्या पुनरागमनाचे संकेत असतात आणि ती खरी करण्यासाठी डेल्फी स्वतः झटते. त्याच काळात अडकलेली मुले तान्ह्या हॅरीच्या दुलईवर अदृश्य संदेश लिहितात आणि अनेक वर्षांनी प्रौढ हॅरीला तो सापडतो. हा एक प्रसंग मात्र बंद वर्तुळाच्या जुन्या पद्धतीचा आहे.

चित्रपटांतील चित्रण

आल्फोन्सो क्वारोन दिग्दर्शित २००४ च्या चित्रपटात मोठे घड्याळ आणि त्याचा लंबक यांचा दृश्यप्रतिमा म्हणून वापर केलेला आहे. मूळ कादंबरीत नसलेले काही दुवेही त्यात आहेत. हॅग्रिडच्या झोपडीत बाहेरून येऊन आदळणारा दगड नंतर हर्मायनीनेच फेकलेला असल्याचे दिसते. मारेकऱ्याची कुऱ्हाड येथे कुंपणाऐवजी भोपळ्यावर पडते. डेव्हिड येट्स दिग्दर्शित २००७ च्या चित्रपटात हॅरी गोल हाती घेताच भविष्यवाणी ऐकतो. कादंबरीत ती त्याला डंबलडोर यांच्या स्मृतीतून कळते. टाइम-टर्नरांचा नाश या चित्रपटात दाखवलेला नाही.

तुलना

टाळण्याच्या प्रयत्नातूनच खरी ठरणारी भविष्यवाणी हा जागतिक साहित्यातील प्राचीन कथाविषय आहे. सोफोक्लीस या ग्रीक नाटककाराच्या 'ईडिपस राजा' या शोकांतिकेत पित्याचा वध करील असे भाकीत झालेल्या मुलाचा जन्मतःच त्याग केला जातो आणि आपले आईवडील कोण हे ठाऊक नसल्यामुळेच तो भाकितातील कृत्य करून बसतो. शेक्सपियरच्या 'मॅकबेथ' या नाटकात चेटकिणींचे भाकीत मॅकबेथच्या महत्त्वाकांक्षेला चालना देते. रोलिंग यांनी २००५ मधील एका मुलाखतीत आपल्या भविष्यवाणीसंदर्भात मॅकबेथचा दाखला दिला होता.

भारतीय वाचकांना या संदर्भात कंसाची कथा परिचित आहे. भागवत पुराणातील या कथेत देवकीचा आठवा पुत्र तुझा वध करील, अशी आकाशवाणी ऐकून कंस देवकी व वसुदेव यांना बंदिवासात टाकतो आणि त्यांच्या अपत्यांना ठार करतो. कृष्ण मात्र गोकुळात वाढतो आणि पुढे कंसाचा वध करतो. बालकाच्या जन्माची पूर्वसूचना, भयग्रस्त सत्ताधीश आणि अन्य घरी वाढलेला नायक हे घटक दोन्ही कथांत समान आहेत. मूलभूत भेद असा, की कृष्णकथेत आकाशवाणीमागे ईश्वरी योजना आहे, तर रोलिंग यांच्या विश्वात भविष्यवाणीमागे अशी कोणतीही शक्ती सांगितलेली नाही.

तिसऱ्या कादंबरीतील काळप्रवास भौतिकशास्त्रज्ञ इगोर नोव्हिकोव्ह यांनी १९८० च्या दशकात मांडलेल्या स्वयंसुसंगती तत्त्वाशी मिळताजुळता आहे. या तत्त्वानुसार भूतकाळात जाणे शक्य असले, तरी विसंगती निर्माण करणारी घटना घडू शकत नाही. तत्त्वज्ञ डेव्हिड लुईस यांनीही १९७६ च्या आपल्या निबंधात भूतकाळ न बदलणारा काळप्रवास तर्कदृष्ट्या सुसंगत असल्याचे प्रतिपादन केले होते. विज्ञानकथांत रॉबर्ट हाइनलाइन यांच्या १९४१ मधील 'बाय हिज बूटस्ट्रॅप्स' या कथेत बंद वर्तुळाची रचना आढळते.

मराठी अनुवाद

हॅरी पॉटर मालिकेचा मराठी अनुवाद मंजुल पब्लिशिंग हाऊसने प्रकाशित केला असून पहिल्या कादंबरीचे मराठी शीर्षक 'हॅरी पॉटर आणि परीस' असे आहे.